सम्राटानं काटा खाली ठेवला की

"माझे पणजोबा रशियाच्या झारच्या पंगतीला वाढपी होते."

हे वाक्य माझ्या तोंडून बाहेर पडलं तेव्हा दुपारचे सव्वातीन वाजले होते आणि मी दुबईत, कराम्यातल्या आमच्या खानावळीत गल्ल्यामागे बसून ताक पीत होतो. वेळ इतकी नेमकी लक्षात आहे, कारण त्याच क्षणी आत स्वयंपाकघरात बायकोची पळी थांबली. मिक्सर थांबला तर वाटण झालं असं समजायचं. पळी थांबली तर माझं बोलणं आतपर्यंत पोचलं असं समजायचं, हा आमच्या संसाराचा चोवीस वर्षांचा शिरस्ता आहे.

समोर बसलेला माणूस रशियन होता. उंची अशी, की खुर्चीत बसला तरी पंख्यापासून डोकं सांभाळावं लागे. पेशानं इंजिनिअर. महिन्यातून दोनदा तरी आमच्याकडे थाळी जेवायला यायचा आणि पुरणपोळीवर इतकं तूप घ्यायचा की पोळी पोहायला लागे. त्या दिवशी जेवण झालं तरी तो उठेना. विचारलं तर म्हणाला, आई येत्या फेब्रुवारीत ऐंशीची होते आहे. तिनं उभा जन्म सम्राटाच्या जुन्या राजवाड्यात नोकरी केली. राजवाड्याचं आता म्युझियम झालं आहे, आणि तिच्याकडे होतं भोजनाचं टेबल. ताटं मांडलेली, काटेचमचे मांडलेले, भोवती दोरी. येणाऱ्या लोकांना ती सांगायची, इथं सम्राट बसायचा, इथं राणी, इथं मुलं. चाळीस वर्षांत त्या ताटांत एक घास पडलेला तिनं पाहिला नाही. आता मुलाकडे दुबईला आली आहे आणि तिची एकच हौस उरली आहे. ते टेबल एकदा भरलेलं पाहायचं.

"मग अडलं कुठे?" मी म्हणालो. "इथं हॉटेलांना काय तोटा?"

"चार हॉटेलांची माणसं येऊन गेली. एकजण सोन्याच्या वर्खातला मोर आणतो म्हणाला. आई प्रत्येकाला एकच विचारते, ताटं कुणाच्या इशाऱ्यावर उचलायची? कुणालाच सांगता येत नाही. मग ती त्यांना चहा पाजते आणि परत पाठवते."

आता तुम्हीच सांगा. प्रश्न वाढपाचा आणि समोर मी. मी अडीचशे पानांच्या पंगतीत एका फेरीत मीठ वाढलेलं आहे, आणि अडीचशेव्या पानावर पहिल्या पानाइतकंच मीठ पडलं होतं, एक कण कमी नाही. आमटी वाढताना मी पळतो, पण आजवर एकाच्याही भाताचं आळं फुटलेलं नाही. अशा माणसासमोर वाढपाचा प्रश्न टाकायचा म्हणजे जखमी वाघासमोर बकरी बांधायची. पणजोबा आपोआप बाहेर आले. मग ते नुसतेच कसे उभे राहणार? ते एका संस्थानिकाबरोबर बोटीनं गेले, त्यांच्या वाढण्यावर झार खूश झाला, त्यानं त्यांना सात वर्षं ठेवून घेतलं, आणि निघताना स्वतःच्या अंगावरचा फरकोट काढून दिला. कोटाला पुढे कसर लागली, हेही मी सांगितलं. थापेला थोडी कसर लागलेली असली की ती जास्त टिकते.

इंजिनिअरनं माझा हात दोन्ही हातांत धरला आणि असा हलवला की ताक सांडलं. तो गेला. पडदा सरकवून बायको बाहेर आली.

"अहो, पणजोबा कुठे होते म्हणालात?"

"रशियाला."

"तुमचे पणजोबा इस्लामपुरात पिठाची गिरणी चालवायचे."

"ते परत आल्यावर."

ती माझ्यासमोर बसली. बायको कामाच्या वेळी बसत नाही, त्यामुळे मी पेला खाली ठेवला.

"गेल्या वर्षी त्या अरब साहेबांना सांगितलंत की श्रीखंड उंटिणीच्या दुधाचं आहे."

"आवडलं की त्यांना."

"आवडलं. आणि पुढच्या शुक्रवारी ते पोरं घेऊन उंटीण बघायला आले."

"मग मी सांगितलं ना, व्हिसा रिन्यू करायला गेली आहे म्हणून. हसले ते."

"हसले. सगळे हसतात." ती पदरानं हात पुसत होती, हात कोरडे असताना. "चोवीस वर्षं मी आत उभी आहे. लोक खातात माझ्या हातचं आणि घरी जाऊन सांगतात तुमचं. श्रीखंड कसं होतं हे कुणी विचारलं का? उंटीण कशी आहे, हे विचारलं."

यावर मी काहीतरी बोलणार होतो. तिनं बोट वर केलं.

"त्या म्हाताऱ्या बाईंना खरं सांगायचं. तुम्ही स्वतः. त्या जेवून टेबलावरून उठायच्या आत. नाही सांगितलंत तर मी अल ऐनला, पोरीकडे. ती कधीची बोलावते आहे. खलास."

'खलास' हा शब्द आमच्याकडे मी दिवसातून शंभरदा वापरतो. भात संपला, खलास. गॅस संपला, खलास. तिनं तो सगळ्या संसारात एकदाच वापरला होता, माझ्या सिगारेटबद्दल, आणि त्यानंतर मी सिगारेटचं चित्रसुद्धा पाहिलेलं नाही. आमची मुलगी अल ऐनला युनिव्हर्सिटीत शिकवते. मी तिला मध्यस्थीसाठी फोन केला. सगळं ऐकून घेतल्यावर ती म्हणाली, "बाबा, नॉट अगेन. आय हॅव ऑलरेडी क्लीन्ड द रूम."

म्हणजे खोली झाडून तयार होती.

पुढच्या आठवड्यात मी इंजिनिअरच्या आईला, म्हणजे आजीबाईंना, भेटायला गेलो. मनात पक्कं होतं, चपला काढायच्या आणि खरं सांगायचं. आजीबाई घडी घातलेल्या छत्रीएवढ्या होत्या आणि तशाच सरळ. इंग्रजी असं बोलायच्या, जणू जिन्याच्या पायऱ्या मोजत उतरताहेत. त्यांनी मला चहा दिला. चहा दिल्यावर त्या माणसाला परत पाठवतात हे माहीत असल्यामुळे मी चहाला तोंड लावलं नाही. पण त्यांनी वही उघडली.

"तुमचे पणजोबा पायांत काय घालायचे?"

खरं सांगायची ही चांगली वेळ होती. पण प्रश्न इतका सुरेख होता की मला राहवेना.

"काही नाही. पंगतीत वाढायला आमच्याकडे अनवाणीच जातात. झारनं त्यांना रेशमी मोजे दिले होते, ते त्यांनी खिशात ठेवले."

त्यांनी लिहून घेतलं. मग त्या सांगू लागल्या, आणि मी माझं तोंड मिटलं. माझं तोंड मिटलेलं ज्यांनी पाहिलं आहे अशी माणसं या जगात तीन आहेत.

त्या म्हणाल्या, शेवटचा सम्राट राहायचा त्या राजवाड्यात जेवणाची अशी खोलीच नव्हती. ज्या खोलीत जेवायचं ठरेल तिथं मांडलेलं टेबल उचलून आणायचे आणि जेवण झालं की उचलून न्यायचे. स्वयंपाक होई दुसऱ्याच इमारतीत, म्हणजे वास येऊ नये. मधे जमिनीखालून बोगदा. सूप बोगद्यातून पळत यायचं. दाराशी लाल पायजम्यातले धिप्पाड दरबान उभे असायचे, त्यांचं काम एकच, दार उघडणं आणि मिटणं. पायांना ब्रश बांधून लाकडी जमिनीवर नाचत नाचत पॉलिश करणारी माणसं होती. मेणबत्त्या रोज बदलायच्या, पेटवल्या असोत नसोत, कारण उरलेल्या मेणबत्त्यांवर नोकरांचा हक्क होता आणि त्यावर त्यांची घरं चालायची.

"आणि नियम असा," त्या म्हणाल्या, "की पहिल्यांदा वाढायचं सम्राटाला, आणि शेवटी मुलांना. सम्राटानं काटा खाली ठेवला की सगळ्यांची ताटं उचलायची. सगळ्यांची. कुणाचं किती झालंय ते पाहायचं नाही. त्या आधीच्या सम्राटाला जेवणात वेळ घालवलेला खपत नसे. शेवटच्या टोकाला बसलेल्या त्याच्या पोरांच्या ताटात दोन घास पडेपर्यंत ताट गेलेलं असायचं. थोरला तर एकदा भुकेनं इतका कळवळला, की गळ्यातला सोन्याचा क्रॉस उघडून त्यातलं मेण खाल्लं त्यानं. तोच पुढे शेवटचा सम्राट झाला."

माझ्याकडे याहून मोठं काही नव्हतं. पुण्यापासून दुबईपर्यंत मी थापेत कुणाला हार गेलेलो नाही, आणि या बाईंनी मला खऱ्या गोष्टीनं हरवलं. राजाचा पोरगा, मेण खातो. मी दोन मिनिटं त्या पोराच्या पोटाचाच विचार करत बसलो.

"तुमच्या पणजोबांना," त्यांनी वहीतून मान वर केली, "ताटं उचलताना वाईट नाही वाटायचं?"

"ते त्यांनी कधी सांगितलं नाही," मी म्हणालो. माझ्या त्या दिवसभराच्या बोलण्यात एवढंच खरं होतं.

काम मिळालं. घरी आल्यावर बायकोनं विचारलं, "सांगितलंत?" मी म्हणालो, "त्या अजून टेबलावर बसल्याच कुठे आहेत? तू उठायच्या आत म्हणालीस." ती कोबी चिरायला बसली.

रशियन स्वयंपाक तिनं पंधरा दिवसांत आत्मसात केला. कोबीचं सूप तिनं अकरा वेळा केलं. दहा वेळा रेसिपीप्रमाणे केलं आणि दहाही वेळा चव घेऊन तोंड वाकडं केलं. अकराव्यांदा तिनं दार लावून घेतलं. बाहेर आलेल्या सुपाचा सुगंध मला ओळखीचा वाटला.

"हिंग घातलास?"

"कोबी आहे," ती म्हणाली. "ऐंशी वर्षांच्या बाईच्या पोटात जाणार आहे. झारला सोसत असेल, मला सोसत नाही."

वाढपाची तालीम आम्ही दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कात घेतली, जिथून आमचे डबे आणि मोठ्या ऑर्डरी जातात त्या मोठ्या स्वयंपाकघरामागच्या शेडमध्ये. दहा वाढपी पांढरे हातमोजे घालून रांगेत उभे. त्यांचे म्होरके म्हणजे आमचे काका, नात्यानं नव्हे, सगळेच त्यांना काका म्हणतात. काका मालवणकडचे, वय पासष्ट, चालणं असं की हातातल्या ओगराळ्यातल्या सारावर तरंग उठत नाही. लोखंडी खुर्चीवर सम्राट म्हणून बायकोला बसवलं. आजूबाजूला डबे पॅक करणाऱ्या मुली पाहुण्या. मी समजावलं: वहिनींनी काटा खाली ठेवला की एकदम सगळी ताटं उचलायची.

बायकोनं दोन घास खाल्ले आणि काटा ठेवला. नऊ जणांनी ताटं उचलली. काका एका मुलीमागे उभे. ती पोहे खात होती.

"काका, उचला."

"मालक, पोरगी जेवताहा."

"नियम आहे तो. झारचा."

"झारचो असात." काका ढिम्म. "मी पन्नास वर्षां ताटां उचललंय. उष्टी ताटां. भुकेलां ताट मी उचललेलां नाय."

"काका, हे नाटक आहे असं समजा."

"नाटकात भुकेचो पार्ट कोण करता?"

बायको खुर्चीवरून म्हणाली, "अहो काका, तुम्हाला यांनी सांगितलं नाही का? यांचे पणजोबा हे काम सात वर्षं करत होते." तिच्या चेहऱ्यावर रेषसुद्धा हलली नाही. काकांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी शेडच्या छपराची पाहणी करू लागलो. अखेर मी त्यांच्या हातापाया पडलो. माझ्या शब्दाखातर उचलतो म्हणाले. दुसऱ्या दिवसापासून उचलूही लागले, पण डोळे मिटून.

फेब्रुवारीतला रविवार. दुपारी एक वाजता इंजिनिअरच्या घरातल्या मोठ्या खोलीत टेबल आत आलं, मांडलेलं, दहा माणसांनी उचललेलं. एकही ग्लास किणकिणला नाही. मी दारातून पाहत होतो, आणि मला शंका नव्हती की त्या बोगद्यातून यापेक्षा सफाईदार काही कधी आलं नसणार. आजीबाई काळा पोशाख घालून मधल्या खुर्चीवर बसल्या. सम्राटाची जागा. भोवती चोवीस पाहुणे, त्यांच्या ओळखीचे, शेजारपाजारचे, बहुतेक सगळे रशियन. टेबलाच्या अगदी टोकाला मुलाचा एक भागीदार बसला होता. तो गृहस्थ इतका रुंद होता की त्याला दोन माणसांची जागा दिली होती आणि तरी त्याचा शेजारी अर्धा खुर्चीबाहेर होता. बायको स्वयंपाकघराच्या दाराशी उभी होती. एप्रन बांधलेला, हात घडी घातलेले, डोळे माझ्यावर.

मी ठरवलं होतं, सूप झालं की सांगायचं.

सूप वाढलं. आजीबाईंनी पहिला चमचा घेतला आणि थांबल्या. दुसरा घेतला. तिसरा. माणूस ऐंशीचा, पोट चिमणीचं. चमचा खाली ठेवला. दहा जण पुढे आले आणि सगळे वाडगे गेले. रुंद गृहस्थाचा चमचा हवेत होता, वाडगा नव्हता. लोक हसले. आजीबाईंच्या डोळ्यांत दिवे लागले. चाळीस वर्षं त्यांनी हे दोरीपलीकडून सांगितलं होतं, आज समोर घडत होतं. इतक्या आनंदात असलेल्या बाईला काय सांगणार? मी म्हटलं, मासा झाल्यावर.

मासा आला. आजीबाईंनी दोन घास घेतले, काटा ठेवला. मासा गेला. या खेपेला टोकाकडचे चार जण हसले नाहीत. रुंद गृहस्थानं ब्रेडच्या टोपलीकडे पाहिलं, तेवढ्यात टोपलीही गेली, कारण माझी माणसं एकदा शिकली की शिकली.

मग कोंबडी आली, शेजारी भाजून शिजवलेला त्यांच्याकडचा कणीदार भात. आजीबाईंनी एक घास खाल्ला. काटा टेकला. आणि काका, डोळे मिटून, त्या रुंद गृहस्थाच्या ताटाला हात घालायला वाकले, तर त्यानं ताट दोन्ही हातांनी धरून ठेवलं.

काकांनी डोळे उघडले.

मी इकडून मान हलवतोय, उचला. बाकीचे नऊ जण ताटं हातात घेऊन थबकलेले. काका सरळ झाले. वळले. बाजूच्या टेबलावरचं भाताचं भांडं उचललं, त्यात पळी घातली आणि सगळ्या खोलीतून चालत, चालत, थेट सम्राटाच्या खुर्चीपाशी गेले. त्यांनी हातमोजे काढून खिशात घातले होते. आजीबाईंच्या ताटात त्यांनी एक पळी भात वाढला. त्यावर दुसरी.

"आजी," ते मालवणीत म्हणाले, "तुमी उठल्यात तर सगळी उपाशी उठतली. दोन घास घेवा. सावकाश होऊ द्या."

खोलीत कुणाला मालवणी कळत नव्हतं. पण आग्रह कुठल्याही भाषेत कळतो, कारण तो करणारा माणूस हलत नाही. काका हलले नाहीत. आजीबाईंनी भाताच्या त्या ढिगाकडे पाहिलं, मग टेबलाच्या टोकाला ताट कवटाळून बसलेल्या त्या गृहस्थाकडे, मग माझ्याकडे.

"हे काय म्हणाले?"

मी सांगितलं. आमच्याकडे पंगतीतल्या मोठ्या माणसानं शेवटच्याचं होईपर्यंत हात धुवायचे नसतात. त्याचं जेवण झालं असलं तरी तो एक घास ताटात ठेवून चिवडत बसतो, म्हणजे बाकीच्यांना संकोच वाटू नये.

"आणि तुमचे पणजोबा?" त्या म्हणाल्या. "त्यांनी सम्राटाला असं वाढलं होतं का?"

आता हे पाहा. सगळं माझ्या हातात होतं. 'हो' म्हटलं की काम फत्ते. काकांची चूक ही चूक राहत नव्हती, ती इतिहास होत होती. माझ्या मनात पुढची गोष्ट तयारसुद्धा झाली होती, झार हसला, त्यानं दुसरी पळी मागून घेतली, आणि त्या दिवशी पहिल्यांदा त्याची पोरं पोटभर जेवली. इतकी सुंदर थाप मला पुन्हा सुचणार नाही. ती जिभेवर येऊन बसली होती. मी स्वयंपाकघराच्या दाराकडे पाहिलं. बायकोनं घडी सोडली होती. तिचे दोन्ही हात मागे, एप्रनच्या गाठीवर होते.

"माझे पणजोबा," मी म्हणालो, "इस्लामपूरच्या पुढे कधी गेले नाहीत. ते गिरणी चालवायचे. मी तुम्हाला जे सांगितलं ते सगळं खोटं होतं. मोजे, कोट, सगळं. कसरसुद्धा."

इंजिनिअरचा चेहरा असा झाला की मला वाटलं आता हा उभा राहणार आणि छत फुटणार. आजीबाईंनी हात वर केला.

"मला माहीत होतं," त्या म्हणाल्या. "त्या राजवाड्यातल्या नोकरांच्या याद्या मी चाळीस वर्षं वाचल्या आहेत. दार उघडणारे सुद्धा मला नावानं माहीत आहेत."

"मग काम मला का दिलंत?"

"कारण बाकीचे चौघे मला पदार्थांची नावं सांगत होते. तुम्ही माणूस पायांत काय घालतो ते सांगितलंत."

हे मी फुगवून सांगत नाही. बायको साक्षीला आहे.

मग त्यांनी काटा उचलला आणि भात खाल्ला. एक घास, मग दुसरा. चावता चावता, पायऱ्या मोजाव्यात तशा, त्या बोलल्या. म्युझियममध्ये त्या लोकांना सांगायच्या की त्यांची आजी दरबारात राणीच्या दासींपैकी होती. ते खोटं होतं. आजी भांडी घासायची. वरच्या टेबलावरून उचललेली अर्धी ताटं बोगद्यातून खाली यायची, आणि त्यातलं घरी नेऊन तिनं सहा माणसं जगवली. "वर बसलेल्या कुणीतरी उपाशी उठावं, म्हणून आजीच्या घरात रोज प्रार्थना व्हायची," त्या म्हणाल्या. "मी या टोकाच्या खुर्चीबद्दल लोकांना सांगून हसवायची. आणि त्याच खुर्चीवर आमचं घर जगलं." मुलगा आईकडे पाहत होता. त्यालाही हे पहिल्यांदाच कळत होतं.

"ताटं खाली ठेवा," त्या माझ्या नऊ माणसांना म्हणाल्या. आणि काकांकडे पाहून, "सूप आहे का अजून? मला त्यातलं ते काय होतं ते कळलं नाही. पुन्हा घ्यायचं आहे."

सूप आलं. मासा परत आला. टेबलावर उलटसुलट क्रमानं जेवण झालं, झारच्या घराण्यात असं कधी झालं नसेल. रुंद गृहस्थानं चार वाडगे सूप घेतलं. मी मोजत नव्हतो, काका मोजत होते, अभिमानानं. पावणेचार वाजेपर्यंत आजीबाई ताटात एक घास ठेवून चिवडत बसल्या आणि तो गृहस्थ रुमालानं तोंड पुसून मागे रेलल्यावरच त्यांनी तो तोंडात टाकला.

परतताना व्हॅनमध्ये मी पुढे बसलो, बायको मागे भांड्यांपाशी.

"सांगितलं मी," मी म्हणालो.

"ऐकलं."

"त्या उठायच्या आत."

"त्या उठायच्या आत," ती म्हणाली. "मी उद्या अल ऐनला जाते आहे."

मी मागे वळलो. ती पातेल्यांची झाकणं लावत होती.

"अगं, पण मी सांगितलं ना?"

"म्हणून आठ दिवसांसाठीच जाते आहे. नाहीतर परतीचं बोललेच नसते. मला चोवीस वर्षांत सुट्टी नाही. आणि या आठ दिवसांत गिऱ्हाइकांशी खरं बोलायचं. काकांना मी सांगून ठेवलं आहे."

ते दिवस मी कसे काढले ते माझं मला ठाऊक. एकानं विचारलं, बांगडा ताजा आहे का? म्हटलं, कालचा आहे. एकानं विचारलं, आमरस हापूसचा? म्हटलं, डब्याचा. काका बाजूला उभे राहून मान डोलवायचे. तिसऱ्या दिवशी अकरा वाजताच तो रुंद गृहस्थ दारात उभा. दोन खुर्च्या जोडून बसला आणि म्हणाला, सूप. मी सांगितलं, ते करणारी अल ऐनला आहे. तो गेला. दुसऱ्या दिवशी पुन्हा आला, बरोबर तीन जण घेऊन.

मी बायकोला फोन लावला. "लोक तुझं सूप विचारत येताहेत. गोष्ट कुणी विचारत नाही. सतरा जण येऊन गेले."

मग ती म्हणाली, "काकांना द्या."

मी फोन दिला. काकांनी कान लावला, माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "चार, वहिनी. पण एक जण दोन वेळा इलो, तर पाच धरा."

सहाव्या दिवशी सकाळी ती अल ऐनच्या बसमधून उतरली. मी स्टॉपवर होतो. "खरं सांगायचं तर लेकीच्या घरातला गॅस मंद आहे, म्हणून आले," असं ती म्हणाली. बॅग माझ्या हातात दिली, आत गेली, एप्रन बांधला आणि कोबी मागितला. दुपारी तो गृहस्थ आला तेव्हा वाडगा तिनं स्वतः बाहेर नेला. त्यानं पहिला चमचा तोंडात घातला, आणि ती तिथंच, ओले हात पुसत, तो गिळेपर्यंत उभी राहिली.